कडीवरचा माणूस

"तुझा मुलगा हल्ली असतो कुठे गं?" आकडेवाल्याने विचारलं, आणि हातातल्या कागदी पाकिटाचा कोपरा दुमडता दुमडता ती थांबली. प्रश्न तसा काहीच नव्हता. जिन्यात भेटणारं कोणीही विचारील असा. पण आकडेवाला हा माणूस असले प्रश्न विचारणाऱ्यांतला नव्हे. इतक्या वर्षांच्या नोकरीत त्याने तिला कधी तब्येत विचारली नव्हती, की घरचं काही विचारलं नव्हतं. तळघरात, डीएनएच्या खोलीत, दोन दारांच्या आड तो बसायचा आणि जिना चढून वर यायचा तो फक्त भांडायला. नमुना ओला पाठवलास, सील तिरकं लावलंस, लेबलावरची सही पुसट आहे, असलं काहीतरी घेऊन. आज तो भांडत नव्हता. खुर्चीच्या कडेवर, आता उठणारच अशा बेताने टेकला होता, आणि शर्टाच्या खिशातल्या घडी घातलेल्या कागदाला सारखा हात लावून बघत होता.

"घरीच असतो," ती म्हणाली. "सायकलवरून पार्सलं पोचवतो. का रे?"

"आणि वडील?"

"अरे, वडील जाऊन दोन वर्षं होतील. तू आला होतास की घरी."

"आलो होतो," तो म्हणाला. "म्हणूनच."

म्हणूनच काय, ते त्याने सांगितलं नाही. कागद काढला, उलगडला, तळव्याने दोनदा सपाट केला आणि तिच्यापुढे सरकवला. कागदावर डोंगरांची रांग असावी तशा रेषा होत्या, प्रत्येक शिखराखाली आकडा. असले कागद तिने आयुष्यात ढिगाने पाहिले होते. तिला सगळे चिमटाबाई म्हणत, कारण माणूस मेलेल्या खोलीत जाऊन केस, धागे, काचेचे कण आणि वाळलेले थेंब चिमट्याने उचलून आणणं हा तिचा धंदा. आणि तिने आणलेल्या चिमूटभर ऐवजातून तळघरात बसून माणूस उभा करणं हा आकडेवाल्याचा. माणसाच्या शरीरातल्या त्या लांबलचक मजकुरात काही ठरावीक जागा अशा असतात, जिथे एकच तुकडा पुन्हा पुन्हा येतो. कोणाचा अकरा वेळा, कोणाचा चौदा. प्रत्येक जागी दोन आकडे. एक आईने दिलेला, एक बापाने. बस, एवढंच. एवढ्यावर पृथ्वीवरचा एक माणूस बाकीच्या सगळ्यांपासून वेगळा काढता येतो. आकडेवाल्याने हे तिला पहिल्यांदा समजावलं तेव्हा ती इतकी हरखली होती, की घरी जाऊन भाजी चिरता चिरता तिने सुरी खाली ठेवली आणि आपलं बोट कितीतरी वेळ उजेडात धरून पाहत बसली.

"ती म्हातारी शिक्षिका स्वयंपाकघरात मेलेली सापडली ना, तिच्या खिडकीच्या कडीवरचा हा पुरुष," आकडेवाला म्हणाला. "पोलिसांचे साहेब ज्याला शोधतायत तो. गुन्हेगारांच्या यादीत नाही, शेजाऱ्यापाजाऱ्यांत नाही. काल मी आपल्याच लोकांच्या यादीशी लावून पाहिलं. आपण कुठे शिंकलो-बिंकलो असू तर कळावं म्हणून ठेवतो ना आपले नमुने, त्या यादीशी. कोणाशी जुळला नाही. पण तुझ्या ओळीवर आलो आणि बाई गं, तिथेच अडकलो." त्याने पेनचं टोपण एका शिखरावर ठेवलं. "इथे एक आकडा तुझा. इथे एक तुझा. इथे, इथे, इथे. सगळीकडे एक तुझा आणि एक परका. एकाही जागी चुकत नाही. भाऊ असता तर कुठे ना कुठे चुकलाच असता. सगळीकडे बरोबर अर्धा जुळणारा माणूस एकच. बाप. नाहीतर मुलगा."

तो हे सगळं खालच्या आवाजात, अजिबात न थांबता बोलला. मग म्हणाला, "खरं तर मी थेट मोठ्या मॅडमकडे जायला हवं होतं. नाही गेलो. तू चल माझ्याबरोबर. आपल्या पायांनी आलीस तर बरं दिसेल." आणि चहा घेऊन येतो असं पुटपुटत तो उठला. त्याला चहा नको होता हे दोघांनाही माहीत होतं. चांगला माणूस, तिला वाटलं, आणि लगेच त्याचा भयंकर रागही आला.

ती एकटी राहिली. समोर कागद. खिडकीबाहेर कोणीतरी गाडी मागे घेत होतं आणि त्या गाडीचा कर्कश टूं टूं आवाज चालू होता. आपल्याला काय वाटतंय ते आधी बघावं, असं तिने ठरवलं. ही सवय उस्तादांची. तिला हे काम शिकवणाऱ्या म्हाताऱ्याला सगळे उस्ताद म्हणायचे. त्याचा पहिला धडा असा, की खोलीत शिरायचंच नाही. हातमोजे घालायचे, उंबऱ्यात उभं राहायचं, हात खिशात कोंबायचे आणि नुसतं बघायचं. "हात खिशात!" तो ओरडायचा. "हात मोकळा ठेवलास की तो काहीतरी उचलणारच. हात मूर्ख असतो. डोळ्यांना जरा एकटं जेवू दे." मग कितीतरी वेळ तो बघत राहायचा आणि ती त्याच्या शेजारी उभी राहून कंटाळायची. आधी खोली म्हणजे नुसता पसारा असायची. हळूहळू तीत गोष्टी दिसायला लागायच्या. सरळ पडलेला थेंब गोल असतो, तिरका आलेला लांबट. ज्या अंगाला शेपटी, त्या अंगाला तो चाललेला असतो. विजेरी जमिनीलगत आडवी धरली, की नुसत्या धुळीतून पावलं उठून येतात. आणि मग उस्ताद ते वाक्य बोलायचा, दर वेळी पहिल्यांदाच सुचल्यासारखं: "माणूस सांडत असतो, पोरी. चालता, बोलता, झोपता सांडत असतो. आपण फक्त त्याच्या मागून केरसुणी घेऊन फिरणारे." या वाक्याने तिच्या अंगावर तेव्हाही काटा यायचा आणि अजूनही येई. लोकांना वाटायचं, या बाईला मेलेल्यांचं काही वाटत नाही. उलट तिला जिवंतांचंच आश्चर्य वाटायचं. बसमध्ये शेजारी कोणी उठून गेलं, की त्या रिकाम्या जागेकडे ती थोड्या आदराने बघायची.

म्हाताऱ्या शिक्षिकेच्या उंबऱ्यातही ती अशीच उभी राहिली होती. शिक्षिका स्वयंपाकघरात, ओट्याशी, कुशीवर पडलेली. डोक्याखाली रक्त, ओट्याच्या कोपऱ्यावर रक्त. स्टूल आडवं. वरची खिडकी उघडी आणि वाऱ्याने तिचा पडदा फडफडत होता. थेंब सगळे खालच्या खाली, गोल, शांत. भिंतीवर एकही उडालेला नव्हता. ही बाई खिडकी लावायला स्टुलावर चढली आणि पडली, असं तिच्या मनाने तेव्हाच म्हटलं होतं. पण मनाचं म्हणणं अहवालात लिहीत नाहीत. शिवाय म्हाताऱ्या शिक्षिकेच्या कपाटातल्या बांगड्या सापडत नव्हत्या, शेजारी खालच्या आवाजात काहीबाही सांगत होते, आणि मग कडीवरून हा पुरुष निघाला. आतल्या बाजूने खिडकीची कडी धरणारा, कोणाच्याही ओळखीचा नसणारा पुरुष. साहेब तर पेटलेच. अख्ख्या गल्लीतल्या पुरुषांच्या गालांच्या आत कापूस फिरवून आले. खुनी मिळाला, आता फक्त त्याचं नाव मिळायचं बाकी आहे, असं ते चारचौघांत सांगत फिरत.

आणि त्या गल्लीत भुंगा पार्सलं पोचवायचा.

हे तिला त्या खुर्चीत बसल्या बसल्या आठवलं. भुंगा म्हणजे तिचा मुलगा. लहानपणापासून सारखा काहीतरी गुणगुणायचा, म्हणून भुंगा. एकोणीस वर्षांचा, उंच, विसराळू, कपाटाचं दार कधीही न लावणारा. त्या आठवड्यात त्याच्या उजव्या तळव्याला पट्टी होती. सायकलच्या साखळीत अडकला, म्हणाला. आणि तिने, जगातल्या सगळ्या जखमा उजेडात धरून बघणाऱ्या बाईने, तो हात पाहिला नव्हता. थकली होती. बरं, हळद लाव, म्हणाली आणि झोपली. आता तो न पाहिलेला हात तिला स्पष्ट दिसायला लागला. कधी त्यावर साखळीच्या कड्यांचे वण दिसायचे, कधी खिडकीच्या पत्र्याने कापल्याची एक सरळ रेघ. दोन्ही सारखेच खरे दिसायचे. हेच भयंकर होतं. तिच्या डोक्यात इतक्या वर्षांची अशी चित्रं साठली होती, की कुठलीही गोष्ट मागितली तर मिळत होती. भुंगा स्टुलाशेजारी उभा. भुंगा घाबरून खिडकीकडे धावतोय. गुणगुणणं थांबलंय.

छे छे, माझा मुलगा असं करणारच नाही, असं तिने मनात म्हणून पाहिलं. आणि तिला त्या सगळ्या आया आठवल्या. दरवाजांतून, पोलिसांच्या गाड्यांमागून, इस्पितळांच्या बाकड्यांवरून हेच वाक्य बोलणाऱ्या. किती ठामपणे बोलायच्या! ती तिथेच कडेला गुडघ्यांवर बसून चटईचे धागे उचलत असायची आणि मनात म्हणायची, बाई गं, तुझ्या ठामपणाला या खोलीत काही किंमत नाही. काही आया बरोबर निघायच्या, काही चूक. वाक्य मात्र तेच. आवाजावरून फरक सांगता येत नाही हे तिने फार पूर्वी शिकून ठेवलं होतं, आणि आता ते शिकलेलं विसरता येत नव्हतं.

फोन टेबलावर होता. भुंग्याला फोन लावायचा, आणि नुसतं विचारायचं. किंवा विचारायचंही नाही. नुसतं म्हणायचं, आज लवकर घरी ये रे. तेवढ्यानेही तो सावध झाला असता, सावध व्हायचं कारण असलं तर. तिने हात फोनपासून दूर घेतला. तो मुकाट्याने कामावरच्या डगल्याच्या खिशात गेला. हात मूर्ख असतो. खिशात बाबांची कातडी पिशवी होती, तिच्यात बाबांचं भिंग. बाबा घड्याळं दुरुस्त करायचे. उभं आयुष्य ते भिंग डोळ्याला लावून, खाली वाकून, केसासारख्या स्प्रिंगा चिमट्याने उचलत बसायचे. बापलेकींचा धंदा तसा एकच, असं दोघं एकमेकांना चिडवायचे. विचार करताना बाबा पिशवीच्या एका ठरावीक जागेवर अंगठा घासत. तिथलं कातडं इतकं झिजलं होतं, की बरोबर अंगठ्याएवढी खळी पडली होती. ते गेल्यावर पिशवी तिने उचलली, धुतली नाही, पुसली नाही. तिला बाबांचा वास होता, घड्याळाच्या तेलाचा आणि घामाचा. आता तिचा अंगठा आपोआप त्या खळीत बसला, गोल गोल फिरायला लागला. आणि तसाच थांबला.

तिने हात बाहेर काढला आणि अंगठ्याकडे पाहिलं. नुसता अंगठा. काही दिसत नव्हतं, दिसणार नव्हतंच. पण खोलीतला प्रकाश बदलावा तसं झालं. हातमोजे घालायचे, उंबऱ्यात उभं राहायचं, हात खिशात. आणि खिशात बाबा. इतक्या वर्षांत ती शेकडो वेळा अशी उभी राहिली होती, पण पिशवी खिशात आली ती बाबा गेल्यावर. त्या दिवशी पडदा फडफडत होता, म्हणून उंबऱ्यावरून ती सरळ खिडकीकडे गेली. वारा काय उडवून नेईल याची भीती होती. फोटो झाला. मग टाचा उंचावून डाव्या हाताने कडी घट्ट धरली आणि उजव्या हाताने तिच्यावर ओला कापूस फिरवला. एका वस्तूवरून दुसरीवर जाताना ती हातमोजे बदलायची, कधी म्हणजे कधी चुकायची नाही, सगळे तिला त्यावरून हसायचे. पण कडी ही पहिलीच वस्तू होती. पहिल्या वस्तूच्या आधी बदलायचं काय? आधी तर काहीच नव्हतं. आधी फक्त हात खिशात होते.

तिला एकदम उभं राहावंसं वाटलं आणि ती उभी राहिली. बाबा गेल्यावर त्यांचे कपडे दिले, अंथरूण दिलं, चष्मा कोणा गरजूला दिला. घर रिकामं रिकामं झालं होतं. आणि हे गृहस्थ तिच्या खिशात बसून दोन वर्षं रोज कामावर येत होते! तिच्याबरोबर गाडीत बसून, जिने चढून, परक्यांच्या स्वयंपाकघरांत. त्या अंगठ्याच्या खळीतून चिमूटभर निघून ते एका उघड्या खिडकीच्या कडीवर जाऊन बसले, आणि तिथून आकडेवाल्याच्या यंत्रात, आणि तिथून या कागदावर. तिने कागद दोन्ही हातांनी उचलला. हे शिखर बाबा. हे बाबा. ओरडावं की हसावं कळेना. बाबा, अहो, तुम्ही काय करताय इथे?

आणि मग दुसरा विचार आला, थंडगार. ही गोष्ट फार सोयीची होती. घरच्या माणसाला वाचवणारी गोष्ट माणसाला सगळ्यांत आधी सुचते; हेही तिने त्या आयांकडूनच शिकलं होतं. एका आईने तर मुलाच्या सदऱ्यावरच्या डागाची इतकी सुंदर हकीगत रचली होती, की ऐकणाऱ्या हवालदाराचे डोळे भरून आले होते. डाग रक्ताचाच निघाला. बाबा की भुंगा, हे ठरवायला पिशवी तपासावी लागणार. पिशवीतून बाबा निघाले तर सुटलो. आणि पिशवीतून दुसराच कोणी निघाला, तर मग कडीवरच्या माणसाला जायला एकच घर उरतं. पिशवी द्यायची म्हणजे हा प्रश्न विचारायचा. न देता बसलं तर प्रश्न नाही, उत्तरही नाही. वडील गेलेले, मुलगा घरी, बाबांचा वास खिशात. पिशवीबद्दल कोणाला काही ठाऊक नव्हतं.

आकडेवाला परत आला. त्याच्या हातात चहा नव्हता.

"हातमोजे दे," ती म्हणाली. "आणि एक कागदी पाकीट. प्लास्टिक नको, आत दमट होतं."

"मला शिकवतेस?" तो म्हणाला, आणि त्या दिवसातलं त्याचं पहिलं भांडण झाल्यामुळे दोघांनाही जरा बरं वाटलं. तिने खिसा उघडा धरला. त्याने आत हात घालून पिशवी दोन बोटांनी बाहेर काढली, पाकिटात सोडली, कोपरा दुमडला. "काय आहे हे?"

"माझे वडील," ती म्हणाली. "असावेत."

मोठ्या मॅडमनी सगळं ऐकून घेतलं आणि चष्मा काढून टेबलावर ठेवला. रागावल्या नाहीत. त्याचीच तिला भीती वाटली. "आजपासून तू घरी," त्या म्हणाल्या. "ही पिशवी खिशात घेऊन तू जिथे जिथे गेलीस त्या सगळ्या केसेस पुन्हा बघाव्या लागतील. मुलाचा नमुना उद्या घेऊ, तू तिथे असणार नाहीस. त्याच्याशी यावर एक शब्द बोलायचा नाही. कळतंय ना?" कळत होतं. मॅडमच्या जागी ती असती तर तिनेही हेच सांगितलं असतं, कदाचित जास्त तुटकपणे. दारापर्यंत गेल्यावर मॅडमनी हाक मारली. "उंबऱ्यात उभं राहून हात खिशात घालायला मीही उस्तादांकडूनच शिकले," त्या म्हणाल्या, आणि आपल्या डगल्याचा खिसा चाचपून पाहिला. आत काय आहे हे त्यांनाही आत्ताच पडताळून पाहायचं होतं.

मग घरी बसणं आलं. घर तिला नीट माहीतच नव्हतं, असं वाटायला लागलं. नवरा जहाजावर, तो महिनोन् महिने नसायचा. घरात ती आणि भुंगा. न्हाणीघरात मुलाचे केस, उशीवर मुलाचे केस, कपाच्या कडेवर ओठांचा ठसा. सगळं सांडलेलं. ती केर काढायची आणि सुपलीत जमलेल्या धुळीकडे बघत राहायची. यात तो आहे, त्याचा बाप आहे, मी आहे. शोधलं तर बाबाही असतील, कपाटामागच्या फटीत, पंख्याच्या पात्यावर. माणसं जातात म्हणतात. कुठे जातात? पंखा लावला की घरभर होतात. या विचाराने तिला रडू येई, आणि ते सगळं दुःखाचं नसे. एवढं मोठं काहीतरी आपल्या रोजच्या केरात चाललेलं असावं आणि आपण ते सुपलीत भरून फेकून द्यावं, याने छाती दडपून जाई. आणि लगेच पुढच्या खोलीतून भुंग्याचं गुणगुणणं ऐकू यायचं, आणि दडपण निराळं व्हायचं.

भुंगा नमुना देऊन आला त्या दिवशी स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिला. "तुमच्या त्या तळघरातल्या काकांनी माझ्या गालात कापूस घातला," तो म्हणाला. "मी विचारलं, कशाला? तर म्हणाले, तोंड उघड. दाताच्या डॉक्टरकडेही यापेक्षा जास्त बोलतात."

ती ओट्याकडे तोंड करून उभी होती. "मला बोलायची परवानगी नाही, बाळा."

"बाळा?" तो म्हणाला. तिने त्याला कितीतरी वर्षांत बाळा म्हटलं नव्हतं. तो हसायला गेला आणि मध्येच थांबला. "आई. इकडे बघ. काय झालंय? त्या गल्लीतल्या सगळ्या पुरुषांचं घेतलं म्हणे. माझंही त्याचसाठी का? मी तिथे पार्सलं नेतो म्हणून?"

नळ चालू होता, तो तिने बंद केला. भुंगा तिच्याकडे बघत होता. त्याच्या चेहऱ्यावर काहीतरी हळूहळू उमटत गेलं, विजेरी आडवी धरल्यावर पावलं उमटतात तसं. मग त्याने उजवा हात पुढे केला, तळवा वर. पट्टी निघाली होती. "हे घे," तो म्हणाला. "बघ. तुझं कामच आहे ते."

तिने बघितलं नाही. तिला बघताच आलं नाही. डोळे त्याच्या मनगटापर्यंत गेले आणि तिथून परत आले. बघितलं असतं तर काहीतरी दिसलं असतं, आणि जे दिसलं असतं त्यावर तिने विश्वास ठेवला असता, कारण तिला दुसरं काही येत नव्हतं. "जेवून घे," ती म्हणाली. हात थोडा वेळ तसाच हवेत राहिला. मग त्याने तो खाली घेतला आणि स्वतःच वाढून घेऊन आपल्या खोलीत गेला. दार लावलं. हा मुलगा कधी दार लावत नसे.

निकालाच्या दिवशी सकाळी आकडेवाल्याने तिला तळघरात बोलावलं. बाहेरच्या दारापर्यंतच, आत नाही. दोन दारांमधल्या त्या चिंचोळ्या जागेत त्याने भिंतीवर कागद धरला. चार ओळी होत्या, एकाखाली एक. "वरची कडी," तो म्हणाला. "खालची पिशवी, त्यातला तुझा अंश वेगळा काढून." आणि गप्प बसला. हा माणूस गप्प बसू शकतो हे तिला नवीन होतं. तिने पहिली जागा पाहिली. तेच दोन आकडे. दुसरी. तेच. तिसऱ्या जागेपर्यंत तिचे डोळे इतके भरले होते, की शिखरं हलायला लागली, आणि तिने डगल्याच्या बाहीने डोळे पुसायला हात वर केला तर डगला नव्हताच. ती घरच्या कपड्यांत होती. "तेच आहेत गं," आकडेवाला म्हणाला. "तुझे बाबाच. शेवटपर्यंत." जीव भांड्यात पडला म्हणतात, तसा खरोखर आवाज तिने ऐकला. तिने कागदाचा कोपरा धरला आणि भिंतीला टेकली.

तिसरी ओळ तिची होती, चौथी भुंग्याची. आकडेवाला हलकेच म्हणाला, "हे तुला दाखवायची गरज नव्हती. पण बघ." त्याने पेनचं टोपण फिरवलं. बाबांचा एक आकडा, खाली तिच्यात तोच, खाली भुंग्यात तोच. पुढच्या जागी बाबांचा तिच्यापर्यंत आला आणि तिच्यातच थांबला. पुढच्या जागी पुन्हा तिघांत उतरला. कुठे उतरणार, कुठे थांबणार, कोणी ठरवलं नव्हतं. आणि प्रत्येक जागी बाबांचा दुसरा आकडाही होता, जो तिच्याकडे आलाच नाही. अर्धे बाबा. ती लहानपणापासून ऐकत आली होती, अगदी बापावर गेली आहे हो पोरगी. आणि इथे निम्मा माणूस तिच्या वाट्याला न आलेला, तिला कधीच न कळलेला, रांगेने उभा होता. तिने एकेक आकडा वाचला. एखाद्या अनोळखी नातेवाइकाशी ओळख करून घ्यावी, तशा आदराने. एवढे मोठे होते तर बाबा. आणि आपण त्यांना दुकान बंद करून वेळेवर घरी येत नाहीत म्हणून बोल लावायचो.

"साहेब चिडलेत," आकडेवाला म्हणाला. "त्यांचा खुनी गेला. बांगड्याही भाचीकडे सापडल्या, म्हातारीनेच ठेवायला दिल्या होत्या. आता उरलं फक्त स्टूल." ती हं म्हणाली. तिने ते उंबऱ्यातूनच पाहिलं होतं, पण आता त्यात काही समाधान वाटलं नाही. पिशवी आणि भिंग पुरावा म्हणून कायमचं कपाटात जाणार, परत मिळणार नाही, हेही त्याने सांगितलं. "जाऊ दे," ती म्हणाली. आणि तिला खरंच जाऊ दे असं वाटलं.

बाहेर पायऱ्यांशी भुंगा सायकल धरून उभा होता. तिने त्याला बोलावलं नव्हतं. काकांनी निरोप दिला असावा. उन्हात त्याचे डोळे बारीक झाले होते. तिने त्याला सगळं सांगितलं. आता सांगायची परवानगी होती. उंबरा, खिसा, खळी, कडी. सांगता सांगता तिचा आवाज चढत गेला, हात हवेत फिरायला लागले. जाणारी-येणारी माणसं बघायला लागली. भुंग्याचं तोंड उघडंच राहिलं.

"म्हणजे आजोबा मेल्यावरसुद्धा कामावर जात होते?" तो म्हणाला. "एक रजा नाही घेतली या माणसाने!" आणि दोघं इतकी हसली, की पायऱ्यांवरच्या शिपायाने चौकशी केली. हसता हसता तिला वाटलं, संपलं, झालं सगळं नीट. तेवढ्यात भुंगा हसायचा थांबला.

"आई," तो म्हणाला, "तुला हे आजोबा असतील असं पहिल्या दिवशीच सुचलं होतं?"

"हो."

"मग कधीपर्यंत तो माणूस मी होतो?"

सायकलच्या घंटीवर त्याचा अंगठा होता, पण तो घंटी वाजवत नव्हता. एक छोटंसं खोटं पुरलं असतं. आईने मुलाला सांगायचं खोटं. कुठल्याही आईला ते फुकट मिळतं, आणि त्याला ते हवं होतं, ते तिला त्याच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. तिने खूप शोधलं. पण तिच्याजवळ खरं सोडून त्याला द्यायला काही नव्हतं.

"आज सकाळपर्यंत," ती म्हणाली.

भुंगा तिच्याकडे बघत राहिला. हात न लावता, न हलता, कितीतरी वेळ. असं बघायला त्याला कोणी शिकवलं नव्हतं. मग त्याने मान हलवली. "खरं बोललीस ते बरं केलंस," तो म्हणाला. "पण आज माझ्याशी बोलू नकोस."

"बरं," ती म्हणाली.

"उद्या बोल."

त्याने सायकल वळवली, पण तिच्यावर बसला नाही. हातात धरून चालायला लागला, तिला पोचता येईल इतक्या हळू. ती त्याच्या शेजारून, एक शब्द न बोलता, घरापर्यंत चालत गेली.